पाठीवरचा पत्ता

जूनचा पहिला जोरदार पाऊस झाला की दोन-तीन दिवसांत माझ्या फोनवर कासवांचे फोटो यायला लागतात. बादलीतलं कासव, परातीतलं कासव, पार्किंगमध्ये गाडीच्या चाकाला टेकून बसलेलं कासव. बहुतेक फोटो रात्री ट्यूबलाइटखाली काढलेले, पाठ ओली, त्या ओल्या पाठीवर उजेडाचा पांढरा पट्टा. आणि खाली एकच ओळ: "काकू, हे कोणतं?"

पूर्वी मी पटकन उत्तर द्यायचे. आता आधी आणखी तीन फोटो मागते. एक डोक्याचा, एक पायांचा आणि एक पोटाचा. पोटाचा फोटो काढताना कासव जमिनीपासून वीतभरच उचलायचं, क्षणभर तिरकं करायचं आणि लगेच सुलटं ठेवायचं. ते नेमकं कुठे सापडलं, नाल्याजवळ, शेतात की सोसायटीच्या जिन्यात, हेही विचारते. पाठीचा रंग मात्र विचारत नाही. समोरचा माणूस तो न विचारता सांगतोच. "काळं आहे." "हिरवट आहे." "चिखलाच्या रंगाचं आहे." बहुतेक वेळा तो चिखलाचाच रंग असतो.

रंगाच्या बाबतीत मी इतकी सावध का झाले, हे सांगायचं तर माझ्या एका चुकीची गोष्ट सांगावी लागेल. पण त्याआधी विहिरीची सांगते, कारण ती चूक मला कळली ती विहिरीमुळेच.

माझं आजोळ सातारा जिल्ह्यात. घरामागे दगडी बांधणीची विहीर आणि विहिरीत एक कासव. आसपासच्या बऱ्याच विहिरींमध्ये असायचं. कासव पाणी स्वच्छ ठेवतं असं सगळे मानायचे. वर्षभर ते दिसायचं ते एवढंच: पाण्याखाली हलणारा काळा तवा. चैत्रात पाणी तळाला गेलं की खालच्या पायरीवर येऊन बसायचं आणि आम्हां मुलांची चाहूल लागली की डुबुक. एका उन्हाळ्यात विहिरीतला गाळ काढायचं ठरलं, तेव्हा गड्याने घमेल्यात गाळासोबत कासवही वर आणलं. आजोबांनी ते धुण्याच्या दगडावर ठेवलं, कळशीभर पाणी ओतलं आणि नारळाच्या काथ्याने हलक्या हाताने त्याची पाठ घासायला घेतली. मी तेव्हा नऊ वर्षांची असेन. काळा रंग शेवाळाच्या हिरव्या ओघळांतून दगडावर उतरला आणि आतून निघाली गडद तपकिरी पाठ, जुन्या शिसवी पाटासारखी. आजोबांनी माझं बोट धरलं आणि त्या पाठीवरून डावीकडून उजवीकडे नेलं.

"मोज."

एक बारीक उंचवटा लागला. मग एक मोठा. मग पुन्हा बारीक. मानेकडून शेपटीकडे जाणाऱ्या तीन धारा.

"तीन धारांचं आहे हे," आजोबा म्हणाले. "विहिरीत हेच असतं. ओढ्यातलं वेगळं. त्याची पाठ हाताला गुळगुळीत लागते, कातड्यासारखी."

पुढे खूप वर्षांनी या कासवाचं शास्त्रीय नाव वाचलं: मेलॅनोकेलिस ट्रायजुगा. पहिला शब्द ग्रीक, अर्थ काळं कासव. दुसऱ्या शब्दात लॅटिनमधला 'जुगम' आहे, आणि हा जुगम म्हणजे बैलांच्या मानेवरचं आपलं जू. दोन्ही शब्द एकाच मुळातून आलेले. जुगम म्हणजे डोंगराची धारसुद्धा. तीन धारांचं काळं कासव. आजोबांना लॅटिन येत नव्हतं, पण नावाचा सगळा अर्थ त्यांनी माझ्या बोटाला शिकवून ठेवला होता.

आणि ज्या दिवशी त्याची गरज होती त्या दिवशी मी बोट लावलं नाही.

बारा वर्षांपूर्वीची गोष्ट. तोवर कासवांवरचं माझं वाचन बरंच झालं होतं, कोकणात वेळासच्या किनाऱ्यावर समुद्री कासवं पाहायला दोनदा जाऊन आले होते, ओळखीपाळखीचे लोक कासव सापडलं की मला फोन करायला लागले होते. जुलैमधल्या एका सकाळी शेजारच्या सोसायटीच्या वॉचमनचा फोन आला. गेटपाशी कासव आलंय मॅडम, पोरं त्रास देतील, लवकर या. गेले. नाश्त्याच्या ताटलीएवढं कासव. पाठ काळी, डोकं काळं, पाय काळे. पिवळा किंवा लाल रंग कुठे दिसेना. मी वाकून पाहिलं आणि जमलेल्या सगळ्यांसमोर सांगून टाकलं, "हे आपलं देशी काळं कासव." वॉचमनने पायातल्या चपला काढल्या आणि हात जोडले. मी वरून एक फोटो काढला, पोटाचा एक काढला, आणि तो पोटाचा फोटो नीट न पाहता कासव कापडी पिशवीत घालून स्कूटरवरून शहराबाहेरच्या एका तळ्यावर नेलं. काठावर ठेवलं. ते थोडा वेळ तसंच थांबलं, मग मान लांब काढली आणि सरळ पाण्यात गेलं. त्या दिवशी मला फार समाधान वाटलं होतं. दिवसभर ते पुरलं.

दोन महिन्यांनी कासवांवर काम करणारा एक तरुण घरी आला होता. बोलता बोलता मी त्याला ते फोटो दाखवले. वरचा त्याने पाहिला आणि काही बोलला नाही. पोटाचा फोटो मात्र मोठा करून बराच वेळ पाहत राहिला.

"काकू, याचं पोट पिवळं का आहे?"

मी पाहिलं. पिवळंच होतं, आणि जवळजवळ प्रत्येक पट्ट्यावर शाईचं बोट टेकवल्यासारखा एकेक काळा डाग. आपल्या काळ्या कासवाचं पोटाकडचं कवचही गडद असतं, फक्त कडेने पिवळसर किनार. मग त्याने पुढचे पाय दाखवले. नखं लांबच लांब, एखाद्या फणीच्या दातांसारखी. मग पाठीची मागची कड, तिला बारीक खाचा. आणि शेवटी पाठ, जिच्यावर एकही ठळक धार नव्हती.

"स्लायडर आहे. म्हातारा नर," तो हळूच म्हणाला.

रेड-इअर्ड स्लायडर. मूळचं अमेरिकेतल्या मिसिसिपी नदीच्या खोऱ्यातलं. मासे विकणाऱ्या दुकानांत काचेच्या भांड्यात जी दहा रुपयांच्या नाण्याहून जराशी मोठी, पोपटी रंगाची पिल्लं ठेवलेली असतात, ती हीच. डोळ्यामागे लाल पट्टा, मानेवर पिवळ्या रेघा, पाठीवर हिरव्या-पिवळ्या रेषांची नक्षी. कुणीही पाहताक्षणी ओळखेल असं कासव. पण ते वाढतं. पोपटी रंग आधी शेवाळी होतो, मग तपकिरी. आणि बऱ्याच नरांमध्ये वय झालं की काळं रंगद्रव्य पसरत जातं. पाठीवरची नक्षी बुजते, मानेवरच्या रेघा बुजतात, आणि ज्या लाल पट्ट्यावरून सगळं जग त्याला ओळखतं तो पट्टाही काळ्याखाली जातो. राहतं ते एक काळं कासव. मी पाहिलं ते.

हे प्राणी सहज वीस-तीस वर्षं जगतात. लहानपणी काचेच्या भांड्यात मावणारं पिल्लू काही वर्षांत टबात मावत नाही, पाण्याला वास यायला लागतो, मुलं कॉलेजात जातात, आणि मग एक दिवस कुणीतरी मोठ्या मनाने ते 'निसर्गात' सोडून येतं. जगभर असंच झालं. अमेरिकेने 1975 साली चार इंचांहून लहान कासवं पाळण्यासाठी विकायला बंदी घातली. कारण साल्मोनेला हा जंतू. मुलं ती पिल्लं हाताळायची, तोंडात घालायची आणि आजारी पडायची. युरोपीय संघाने 1997 साली स्लायडरची आयात थांबवली. जगातल्या सर्वांत त्रासदायक शंभर घुसखोर जातींच्या यादीत या कासवाचं नाव आहे. ऊन खायला बसायची जागा, खाणं, अंडी घालायचा काठ या सगळ्यांत ते तिथल्या मूळच्या कासवांना मागे सारतं. एका कासवाने असं काय होणार, असं मला बऱ्याच जणांनी समजुतीने सांगितलं. पण त्या तळ्यात एक मी सोडलं. आणखी कुणी सोडली असतील त्यांनाही तसंच वाटलं असणार.

मी वनखात्याच्या कचेरीत जाऊन सांगितलं. पुढचे चार-पाच रविवार तळ्यावर जाऊन बसले. ते कासव मला परत दिसलं नाही.

तेव्हापासून कासवाचं नाव सांगणं ही माझ्यासाठी माहितीची बाब राहिली नाही. आपण नाव सांगतो म्हणजे त्याला कुठे न्यायचं ते सांगतो. विहीर, ओढा, मोठी नदी, माळरान, समुद्र, किंवा यांपैकी कुठेच नाही. टपाल चुकीच्या घरी गेलं तर परत येतं. कासव परत येत नाही.

आजोबा म्हणाले होते ते ओढ्यातलं कासव म्हणजे फ्लॅपशेल. पहिल्या पावसात रस्ता ओलांडताना दिसतं ते बहुधा हेच. याच्या पाठीवर खवल्यांच्या फरश्या नाहीत, मोजायला काही नाही. ताणून बसवलेल्या कातड्यासारखी सलग पाठ, हिरवट तपकिरी, आणि पुढे सोंडेसारखं छोटं नाक. पहिल्यांदा हातात घेतलं तेव्हा ते घाबरून आत गेलं आणि पोटाच्या मागच्या बाजूच्या दोन झडपा माझ्या डोळ्यांसमोर मिटल्या. एकेका मागच्या पायावर एकेक. देवघराची दारं लोटावीत तशा, आवाज न होता. थोड्या वेळाने एक झडप किलकिली झाली, आत ओलसर फिकट पायाचं टोक दिसलं, आणि पुन्हा बंद. असल्या झडपा आपल्याकडच्या दुसऱ्या कुठल्याच कासवाला नाहीत. चिखलात बरबटलेलं असो, शेवाळलेलं असो, रात्री बॅटरीच्या उजेडात असो, झडपा दिसल्या की शंका उरत नाही.

याचं शास्त्रीय नाव मात्र फसवं आहे. लिसेमिस पंक्टाटा, म्हणजे ठिपकेवालं. गंगा-सिंधूच्या खोऱ्यांतल्या फ्लॅपशेलच्या पाठीवर पिवळे ठिपके असतात, अगदी ठळक. आपल्या दख्खनच्या फ्लॅपशेलवर ते नसतात. जात एकच, नाव ठिपक्यांचं, आणि आपल्याकडे ठिपका नाही. त्यामुळे पुस्तकातलं उत्तरेचं चित्र समोर ठेवून इथल्या ओढ्यातलं कासव ओळखायला गेलेला माणूस गोंधळणारच. याच्या उलट, पुण्याजवळच्या नाल्यात पिवळ्या ठिपक्यांचं फ्लॅपशेल सापडलं, तर ते इथवर चालत आलेलं नसतं. ते कुणीतरी आणलेलं असतं.

नखांचंही इथेच सांगते, कारण त्यापायी कासवांचे हाल होतात. वीस नखांचं कासव, एकवीस नखांचं कासव गुप्तधन दाखवतं, पैशांचा पाऊस पाडतं, असं सांगून लोकांना लुबाडणाऱ्या टोळ्या आहेत. अशा बातम्या आपण सगळे वाचतो. फ्लॅपशेलच्या एका पायाला तीन नखं, म्हणजे चार पायांना बारा. काळ्या कासवाला पुढे पाच-पाच, मागे चार-चार, म्हणजे अठरा. मला एकाने विचारलं होतं, काकू, हे किती नखांचं आहे ते बघून द्याल का? त्याच्या डोळ्यांकडे पाहिलं तेव्हा तो कशासाठी विचारतोय ते कळलं. मी त्याला काही सांगितलं नाही. तो गेल्यावर 1926 या वनखात्याच्या हेल्पलाइनला फोन केला. ओळख पटवायची विद्या नेहमी चांगल्याच हातात पडते असं नाही, हे तेव्हा फार टोचलं. अजूनही टोचतं.

मऊ पाठीचं आणखी एक कासव आहे, आणि ते तर पुण्याच्या नावाने जगाच्या शास्त्रात नोंदलं गेलेलं. लीथचं कासव. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधल्या जॉन एडवर्ड ग्रे यांनी 1872 साली त्याचं वर्णन प्रसिद्ध केलं ते पुण्याच्या नमुन्यांवरून. मुंबई इलाख्यातल्या डॉ. लीथ यांचं नाव त्याला मिळालं. फक्त भारतीय द्वीपकल्पातल्या नद्यांत आढळणारं हे कासव आज अतिसंकटग्रस्त यादीत आहे, आणि ज्या गावाच्या नावाने ते जगाला कळलं तिथे ते कुणाला ठाऊक नाही.

मी ते भीमेच्या काठी एकदाच पाहिलं. एका भोईमामांच्या जाळ्यात पिल्लू आलं होतं, ते सोडून द्यायच्या आधी त्यांनी मला हाक मारली. तळहाताएवढं. पाठीवर चार डोळे! काळा गोल, त्याभोवती फिकट कडं, असे चार, जणू कुणी ब्रशने काढले असावेत. वरून झडप घालणाऱ्या पक्ष्याला पाण्यातून चार डोळे आपल्याकडे रोखलेले दिसत असतील का, असं मनात आलं. मामा म्हणाले, "मोठ्याला हे राहत नाही. मोठं निव्वळ मातकट." खरं आहे. वाढत्या वयात ते डोळे पुसट होत जातात आणि पाठीवर अस्पष्ट जाळी तेवढी राहते. नदीच्या तळाशी वाळूत रुतून बसणाऱ्या मोठ्या कासवाला वाळूचा रंगच उपयोगी. मामांनी पिल्लू पाण्यात सोडलं. चार डोळे खाली खाली गेले आणि गढूळ पाण्याने मिटले.

म्हणजे रंग आणि नक्षी खोटं बोलतात असं नाही. ती त्या त्या वयाचं बोलतात. आपण एकाच फोटोत सगळं आयुष्य शोधायला जातो.

नक्षी आयुष्यभर बोलते ती तारा कासवाची. काळ्या पाठीवर प्रत्येक खवल्याच्या मध्यातून फुटणारे पिवळे किरण. खवला मध्यभागी उंच, त्यामुळे प्रत्येक तारा स्वतंत्र टेकडीवर उगवल्यासारखा. पिल्लाच्या पाठीवर किरण मोजके असतात, वयाबरोबर वाढतात. सुक्या गवतात बसलं की त्या काळ्या-पिवळ्या रेषा गवताच्या काड्या आणि सावल्या यांच्यात मिसळतात आणि कासव नाहीसं होतं. त्याला लपवणारी ही नक्षी बाजारात मात्र त्याच्या जिवावर उठली. पाळायला म्हणून याची तस्करी इतकी वाढली की ऑगस्ट 2019 मध्ये जिनिव्हाच्या परिषदेत वन्यजीवांच्या व्यापारावरच्या साइट्स कराराच्या पहिल्या परिशिष्टात, म्हणजे आंतरराष्ट्रीय व्यापारावर सर्वांत कडक बंदी असलेल्या यादीत, त्याला घालावं लागलं.

याच्या बाबतीत लोक ओळखायला चुकत नाहीत, पण ओळखून चुकतात. तारा कासव जमिनीवरचं. पाय हत्तीच्या पायांसारखे खांबाचे, बोटांमध्ये पडदे नाहीत, पोहता येत नाही. आणि आपल्या मनात कासव म्हटलं की पाणी. मी स्वतः एका घाटावर एका सद्गृहस्थांना थांबवलं आहे, ते घरात ठेवलेलं तारा कासव 'मुक्त' करायला नदीवर घेऊन आले होते. पायऱ्या उतरून पाण्यापर्यंत पोचलेच होते. दोन मिनिटं उशीर झाला असता तर ते भक्तिभावाने बुडालं असतं.

आणि वाचवल्यावरही प्रश्न उरतो. हे कासव भारताच्या वायव्येकडच्या कोरड्या भागात आहे आणि आग्नेयेकडच्याही. मधल्या मोठ्या पट्ट्यात ते नाही. पाठीवरचे तारे पाहून ते गुजरातचं की आंध्रचं, हे खात्रीने सांगता येत नाही. जप्त केलेल्या पेटीत दोन्हीकडची एकत्र असू शकतात. चुकीच्या भागात सोडली तर हजारो वर्षं वेगळी वाढलेली कुळं मिसळून जातात. इतकी सुंदर, इतकी ठळक पाठ, आणि तिच्यावर जिल्हा लिहिलेला नाही.

समुद्रावर गोष्ट बदलते. तिथे मी रंग पूर्ण विसरायला शिकले, आणि ते मला शिकवलं दापोली तालुक्यातल्या एका कासवमित्राने. कोकणात किनाऱ्यावर गस्त घालून घरटी राखणाऱ्यांना कासवमित्र म्हणतात. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने 2002 पासून वेळासला हे काम सुरू केलं, 2006 पासून तिथे कासव महोत्सव भरायला लागला, आणि जी अंडी पूर्वी खाण्यासाठी किंवा विकण्यासाठी उकरली जायची ती आता जाळीच्या कुंपणात राखली जातात. पण मी सांगतेय तो दिवस महोत्सवाचा नव्हता. ऑगस्टमध्ये लाटांनी एक मेलेलं कासव वर टाकलं होतं. चार-पाच दिवसांचं. ना ऑलिव्ह, ना हिरवं, ना तपकिरी. पाठीचा रंग राखेसारखा झालेला, काही खवले सुटून आलेले. वास असह्य होता. कासवमित्र दादा गुडघ्यावर बसले, वाळू झटकली आणि कण्याशेजारच्या एका बाजूच्या खवल्यांवर एकेक बोट ठेवत गेले.

"एक, दोन, तीन, चार, पाच, सहा, सात. आता ही बाजू. एक, दोन... सहा. इकडे सात, तिकडे सहा. रिडले."

रिडले म्हणजे ऑलिव्ह रिडले, समुद्री कासवाची एक जात. मला वाटलं मोजायला चुकले. चुकले नव्हते. बहुतेक कासवांच्या पाठीवर मधली एक रांग पाच खवल्यांची आणि दोन्ही बाजूंना चार-चार. माझ्या आजोळच्या विहिरीतल्या कासवाचंही तसंच. हिरव्या समुद्री कासवाला आणि हॉक्सबिलला बाजूला चार-चार, लॉगरहेडला पाच-पाच, आणि ऑलिव्ह रिडलेला सहा किंवा त्याहून जास्त, कित्येकदा दोन बाजूंना वेगवेगळे. ही विषमताच त्याची खूण. हिरवं आणि हॉक्सबिल यांत घोटाळा होऊ नये म्हणून डोळ्यांच्या मधे नाकाच्या वर पाहायचं: हिरव्याला खवल्यांची एक जोडी, हॉक्सबिलला दोन. शिवाय हॉक्सबिलचे पाठीवरचे खवले कौलांसारखे एकावर एक चढलेले. याच खवल्यांचे कंगवे आणि डब्या बनायच्या, आणि त्या कंगव्यांपायी ही जात संपायच्या काठावर आली. लेदरबॅकला खवलेच नाहीत. काळ्या चामड्यावर लांबीभर सात धारा.

हिरवं कासव हिरवं नसतं हेही त्याच दिवशी कळलं. पाठ तपकिरी, कधी त्यावर सूर्यकिरणांसारखी नक्षी. हिरवी असते ती आतली चरबी, समुद्री गवत आणि शेवाळ खाऊन झालेली. ज्यांनी त्याला हे नाव दिलं ते त्याला कापून खाणारे होते. हे समजल्यापासून ते नाव उच्चारताना मला थोडं थांबायला होतं.

त्या वासात, त्या पावसात दादांनी वहीत आकडे लिहिले, लांबी-रुंदी मोजली आणि मग खड्डा खणायला घेतला. मी विचारलं, मेलेल्याचं इतकं कशाला मोजायचं? ते म्हणाले, "ताई, कोण गेलं ते नको का लिहायला?"

फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याच किनाऱ्यावर पिल्लं निघतात. रिडलेची पिल्लं कोळशाच्या रंगाची, बोटाएवढी. त्यांना ऑलिव्ह म्हणावं असा कोणताही रंग त्यांच्या अंगावर नसतो. आपल्या संतांनी कासवीच्या दृष्टीबद्दल किती प्रेमाने लिहिलं आहे. ती दुरून नुसतं पाहते आणि पिल्लं त्या नजरेवर वाढतात. मला ती कल्पना अतिशय प्रिय आहे. प्रत्यक्षात मादी शंभर-सव्वाशे अंडी घालते, वाळू ओढते, अंगाने थोपटून दाबते आणि पाण्यात निघून जाते. पिल्लं साधारण पन्नास दिवसांनी वर येतात तेव्हा ती कुठल्या समुद्रात असते कुणास ठाऊक. पाहणारी नजर आता त्या कुंपणाशी बसलेल्या गावकऱ्याची आहे.

जानेवारी 2025 मध्ये गुहागरच्या किनाऱ्यावर अंडी घालायला आलेल्या एका मादीच्या पायावर धातूचा बिल्ला होता. क्रमांक 03233. तो 2021 साली ओडिशाच्या किनाऱ्यावर लावलेला. पूर्वेची कासवं पूर्वेला, पश्चिमेची पश्चिमेला, असंच तोवर धरून चालत होते. तिच्या पाठीवरचे खवले मोजले असते तर ती रिडले आहे एवढंच कळलं असतं. बंगालचा उपसागर तिच्या पाठीवर कुठेच दिसला नसता.

आमच्या बिल्डिंगमध्ये खालच्या मजल्यावर एक मुलगा आहे, सहावीतला. त्याच्याकडे स्लायडर आहे, मावशीने वाढदिवसाला दिलेला. गेल्या वर्षी टब लहान पडायला लागला तेव्हा घरच्यांनी तळ्यात सोडायचं ठरवलं होतं. मी त्यांच्या घरी जाऊन बसले आणि माझी गोष्ट सांगितली. त्यांनी गच्चीवर सावली करून मोठी टाकी बसवली. आता दर महिन्याच्या एक तारखेला तो मुलगा कासवाच्या डोळ्यामागच्या पट्ट्याचा फोटो काढतो, त्याच जागी, सकाळच्या उजेडात, आणि वहीत लिहितो. शेवटची नोंद मी पाहिली: "लाल. पण मागचं टोक जरा विटकरी."

परवा रविवारी त्याला त्याच तळ्यावर घेऊन गेले. पाऊस थांबून ऊन पडलं होतं. पाण्यातून वर आलेल्या दगडावर एक कासव चढून बसलं होतं, पाठ ओली, चकचकीत काळी. त्याने दुर्बीण लावली.

"काकू, काळं आहे."

"थांब जरा. वाळू दे."

आम्ही ओल्या बांधावर पेपर अंथरून बसलो. दहा मिनिटं, पंधरा मिनिटं. कासवाने मागचे पाय ताणले, मान उन्हाकडे केली. ओली पाठ एकसारखी वाळत नाही. जे उंच असतं ते आधी वाळतं. मानेकडून शेपटीकडे एक फिकट रेघ हळूहळू उमटायला लागली. मी काही बोलले नाही.

"एक," तो म्हणाला, दुर्बीण न काढता.

ढग आला, गेला. मग डावीकडे आणखी एक, बारीक.

"दोन."